पोलीस भरती किंवा सेवाज्येष्ठतेत अन्याय झालाय? मॅटमध्ये जाण्याआधी आणि गेल्यावर काय करायचं

एक हवालदार कागदांची प्लॅस्टिकची फाईल घेऊन भेटायला आले. आत नऊ अर्ज होते. प्रत्येकावर आवक शाखेचा निळा गोल शिक्का, आणि प्रत्येकात थोड्याफार फरकाने एकच वाक्य: 'माझ्यानंतर नेमणूक झालेल्यांची नावे माझ्या वर लागली आहेत, तरी दुरुस्ती होण्यास विनंती आहे.' पहिला अर्ज सहा वर्षांपूर्वीचा. एकाचंही उत्तर आलेलं नव्हतं. यादीत चूक होती आणि ती कुणालाही दिसेल इतकी उघड होती. तरी मला त्यांना आधी हेच विचारावं लागलं, "इतकी वर्षं थांबलात का?"

"साहेब, उत्तराची वाट बघत होतो."

सेवेच्या वादांत माणसं खोट्या बाजूमुळे हरतात त्याहून जास्त वाट पाहण्यामुळे हरतात, हे मी पुन्हा पुन्हा पाहिलंय. म्हणून या लेखात कायद्याइतकाच तारखांवर भर आहे. मैदानावर किंवा निवड यादीत डावलले गेलेले उमेदवार आणि ज्येष्ठता यादीत मागे पडलेले कर्मचारी, दोघांसाठी हे लिहितोय.

आधी दार ओळखा

महाराष्ट्र पोलीस दलातील शिपायापासून वरिष्ठ राज्यसेवा अधिकाऱ्यांपर्यंत भरती, ज्येष्ठता, पदोन्नती, शिक्षा यांचे वाद महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे, म्हणजे मॅटकडे जातात. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ खाली ते १९९१ मध्ये सुरू झालं. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे त्याची पीठं आहेत. अजून नोकरीला न लागलेला उमेदवारही तिथेच जातो, कारण कलम १५ मध्ये 'भरती आणि भरतीसंबंधीच्या बाबी' असा स्पष्ट उल्लेख आहे. राज्य राखीव पोलीस दलाचे जवानही मॅटमध्येच येतात.

थेट उच्च न्यायालयात रिट दाखल करून वेळ घालवू नका. एल. चंद्रकुमार प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्ये सांगितलं, की आधी न्यायाधिकरण आणि त्याच्या निकालावर उच्च न्यायालयाचं दोन न्यायमूर्तींचं खंडपीठ. गोव्यात मात्र राज्य कर्मचाऱ्यांच्या सेवा वादांसाठी मॅटसारखं न्यायाधिकरण नाही, त्यामुळे गोवा पोलिसांतले वाद मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठात रिट करून जातात. सीआरपीएफ, बीएसएफ, सीआयएसएफ ही संघाची सशस्त्र दलं असल्याने तीही उच्च न्यायालयातच. दिल्ली पोलिसांत असलेल्या मराठी मुलांनी केंद्रीय न्यायाधिकरण, म्हणजे कॅट गाठायचं.

तारखांचा हिशेब

कलम २१ सांगतं: अंतिम आदेश झाल्यापासून एक वर्षात मूळ अर्ज दाखल करायचा. नियमाप्रमाणे अपील किंवा अभिवेदन (वरिष्ठांकडे लेखी विनंती) केलं आणि त्यावर सहा महिन्यांत निर्णय आला नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष. म्हणजे उत्तर न आलेल्या अर्जावर तुमच्या हातात जास्तीत जास्त अठरा महिने असतात.

दुसरा, तिसरा, नववा अर्ज दिल्याने ही मुदत नव्याने सुरू होत नाही. एस. एस. राठोड (१९८९) आणि सी. जेकब (२००८) या निकालांत सर्वोच्च न्यायालयाने हे सांगून ठेवलंय. कार्यालयाने सहा वर्षांनी 'आपली विनंती मान्य करता येत नाही' असं एका ओळीचं पत्र दिलं, तरी मेलेला हक्क त्याने जिवंत होत नाही. पदोन्नतीबद्दल तर पी. एस. सदाशिवस्वामी प्रकरणात १९७४ सालीच न्यायालय म्हणालं होतं, की वरून उडी मारून गेलेल्याच्या पदोन्नतीला सहा महिने, फार तर वर्षभरात आव्हान द्यावं.

भरतीत तर वर्षही हातात नसतं. निवड यादी लागली, मुलं प्रशिक्षण केंद्रात गेली, सगळ्या जागा भरल्या, की मग दाखल केलेला अर्ज कागदावर मुदतीत असला तरी दिलासा मिळणं अवघड होतं. प्रतीक्षा यादीलाही आयुष्य असतं. यादी लागल्यापासून दोन-तीन आठवड्यांत वकिलाकडे पोचायचं, असं धरून चाला.

भरती: मैदानावरचा कागद

शिपाई भरतीत शारीरिक चाचणी ५० गुणांची, लेखी १०० ची. पुरुषांना १६०० मीटर धावणं २० गुण, १०० मीटर १५ आणि गोळाफेक १५. महिलांना १६०० च्या जागी ८०० मीटर. शारीरिक चाचणीत किमान निम्मे गुण हवेत आणि पुढे प्रवर्गनिहाय एकास दहा या प्रमाणात लेखीला बोलावलं जातं. एका गुणावर माणूस आत किंवा बाहेर जातो तो इथेच.

गोळा पडल्यावर टेप लावली जाते, आकडा ओरडला जातो आणि शीटवर उतरतो. तुमची सही त्या शीटवर घेतली जाते. पहाटे चारपासून उभं राहिलेलं, धावून दम लागलेलं पोर न वाचता सही करतं. तसं करू नका. दहा सेकंद घ्या, आकडा वाचा, चुकीचा असेल तर सही करण्याआधी बोला. मैदानावर आक्षेप ऐकायला अधिकारी नेमलेला असतो. लेखी आक्षेप त्याच दिवशी द्या, पोच घ्या, पोच देत नसतील तर मैदान सोडल्यावर लगेच घटक प्रमुखांच्या (जिल्ह्याचे पोलीस अधीक्षक किंवा आयुक्त) अधिकृत ईमेलवर तोच मजकूर पाठवा. धावण्याची वेळ चिपवर नोंदली जाते आणि चाचणीचं चित्रीकरण होतं. चित्रीकरण कायम ठेवत नाहीत, म्हणून आक्षेपातच लिहा: 'माझ्या गटाचे चित्रीकरण व चिपची नोंद निर्णय होईपर्यंत जतन करावी.' हे एक वाक्य पुढे फार उपयोगी पडतं.

उंची, छातीच्या मोजमापातही हेच. अपात्र ठरवलं तर फेरमोजणी तिथेच मागायची. सरकारी रुग्णालयातून नंतर आणलेल्या दाखल्याने मैदानावरचं मोजमाप क्वचितच बदलतं.

लेखी परीक्षेच्या उत्तरतालिकेबद्दल थोडक्यात: आक्षेपाच्या मुदतीत पाठ्यपुस्तकाच्या पानासह हरकत घ्या. रणविजय सिंह (२०१८) निकालानंतर न्यायालयं तज्ज्ञांच्या मतात सहसा हात घालत नाहीत. उत्तर उघडउघड चूक असेल तरच आशा धरा.

समांतर आरक्षणाचं गणित स्वतः मांडा

समांतर आरक्षण म्हणजे प्रत्येक प्रवर्गाच्या आत महिला, खेळाडू, माजी सैनिक अशांसाठी ठेवलेल्या जागा. सगळ्यात जास्त खरे अन्याय मला इथे दिसलेत, आणि सगळ्यात कमी लोक हे तपासतात. समजा, एका जिल्ह्यात खुला-महिला गटातली शेवटची निवड ११८ गुणांवर थांबली. इतर मागासवर्गातल्या एका मुलीला १२४ आहेत, पण तिच्या प्रवर्गातल्या महिला जागा १२६ वर संपल्या. तिला घरी पाठवलं. हे बरोबर आहे का?

नाही. खुल्या जागा कुठल्याही एका जातीगटासाठी राखीव नसतात. सौरव यादव प्रकरणात १८ डिसेंबर २०२० ला सर्वोच्च न्यायालयाने नेमकं हेच ठरवलं, आणि ते प्रकरण उत्तर प्रदेशच्या पोलीस शिपाई भरतीचंच होतं. खुल्या गटातली शेवटची महिला २७४.८२९८ गुणांवर निवडली गेली होती. त्याहून जास्त गुणांच्या इतर मागासवर्गीय महिलांना नोकरी द्यावी, आणि आधी नेमलेल्यांना धक्का लावू नये, असा आदेश झाला. महाराष्ट्रात सामान्य प्रशासन विभागाच्या १९ डिसेंबर २०१८ च्या शुद्धिपत्रकात खुल्या गटातल्या समांतर आरक्षणाची पद्धत याच दिशेने आहे.

म्हणून निवड यादी लागल्यावर फक्त आपल्या प्रवर्गाची कट-ऑफ बघू नका. खुला-महिला, खुला-खेळाडू, खुला-माजी सैनिक, खुला-प्रकल्पग्रस्त, जो समांतर गट तुम्हाला लागू असेल त्याचा खुल्यातला शेवटचा गुण शोधा. एक सावधगिरी: वयाची किंवा शारीरिक मापाची सवलत घेऊन तुम्ही पात्र ठरला असाल, तर खुल्या जागेवर दावा करता येतो का, हे त्या भरतीच्या नियमांत आधी वाचा.

निवड यादीत नाव आलं म्हणजे नोकरीचा हक्क पक्का झाला, असंही नाही. शंकरसन दास (१९९१) हा निकाल पोलीस सेवेतल्या नेमणुकीवरूनच झाला. जागा भरायला शासन बांधील नाही, पण न भरण्यामागे मनमानी नको, हे त्याचं सार. तसंच प्रक्रिया सुरू झाल्यावर पात्रतेचे निकष मधेच बदलता येत नाहीत, जाहिरातीने किंवा नियमांनी मुभा दिली असेल तरच येतात. घटनापीठाने हे ७ नोव्हेंबर २०२४ ला तेज प्रकाश पाठक प्रकरणात पुन्हा पक्कं केलं. उलट, जाहिरातीतली अट आधीपासून माहीत असताना परीक्षा दिली, नापास झालात आणि मग त्या अटीलाच आव्हान दिलंत, तर 'भाग घेतल्यावर आता बोलू नका' असं ऐकावं लागतं. अटच चूक वाटत असेल तर परीक्षेआधी जा. पोलीस भरतीच्या अर्जात तृतीयपंथीयांसाठी पर्याय नव्हता, तेव्हा उमेदवार वेळेत मॅटमध्ये गेले. डिसेंबर २०२२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने शासनाला त्यांच्यासाठी नियम करायला लावले.

चारित्र्य पडताळणी

निवड झाली, घरात पेढे वाटले, आणि साक्षांकन नमुन्यातल्या (स्वतःची माहिती भरून द्यायच्या फॉर्ममधल्या) एका रकान्यावर सगळं अडलं, अशी कितीतरी मुलं भेटतात. गावच्या भांडणातला जुना गुन्हा, त्यात तडजोड झालेली, वकिलाने सांगितलेलं 'आता काही नाही'. म्हणून रकान्यात 'नाही' लिहिलं. घात तिथे होतो.

गुन्हा दाखल झाला होता का, अटक झाली होती का, खटला चालू आहे का, निर्दोष सुटलात का, हे वेगवेगळे प्रश्न असतात. प्रत्येकाचं खरं उत्तर लिहा, सोबत निकालाची प्रत जोडा. अवतार सिंग (२०१६) निकालाप्रमाणे क्षुल्लक प्रकरण लपवलं असेल तरी नेमणूक अधिकारी ते सोडून देण्याचा विचार करू शकतो, पण गंभीर गुन्हा लपवणं जवळजवळ नेहमीच अंगाशी येतं. खरं सांगूनही नोकरी मिळेलच, अशी खात्री नाही. मेहर सिंग (२०१३) प्रकरणात तडजोडीने सुटलेल्यांबाबत पोलीस दलाने वेगळा विचार करणं न्यायालयाने मान्य केलं. तरी खरं सांगितलेल्या मुलाची बाजू मॅटमध्ये मांडता येते. लपवलेल्याची मांडताना आमच्या हातात फार थोडं उरतं.

ज्येष्ठता: यादी वाचायची कशी

शिपाई ते सहायक उपनिरीक्षक ही ज्येष्ठता घटकनिहाय, म्हणजे जिल्ह्याची किंवा आयुक्तालयाची. उपनिरीक्षकापासून राज्याची. १ जानेवारीच्या स्थितीवर यादी निघते, आधी तात्पुरती आणि हरकती घेऊन अंतिम. तात्पुरती यादी व्हॉट्सअॅपवर फिरते, लोक आपला नंबर बघतात आणि पुढे ढकलतात. नंबर बघून भागत नाही. आपल्या वरची वीस आणि खालची वीस नावं घ्या आणि प्रत्येकाची नियुक्तीची तारीख, निवडीचा गुणानुक्रम, बदलीने आला का, हे रकाने तपासा. जन्मतारीख, जात, नेमणुकीचा मार्ग यांत टंकलेखनाची चूक असेल तर तीही लिहून कळवा.

मूळ तत्त्व महाराष्ट्राच्याच एका प्रकरणातून आलंय. थेट भरती वर्ग दोन अभियंत्यांच्या संघटनेच्या दाव्यात घटनापीठाने १९९० मध्ये ठरवलं, की नियमाप्रमाणे नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या तारखेपासून, कायम झाल्यापासून नाही. आणि नियम डावलून केलेली तात्पुरती, तदर्थ व्यवस्था त्यात धरायची नाही. तपशील महाराष्ट्र नागरी सेवा (ज्येष्ठतेचे विनियमन) नियमांत आहेत, आधी १९८२ चे आणि नंतर २०२१ चे. तुमच्या नेमणुकीला कोणते लागू होतात, ते आधी ठरवा.

१९८२ च्या नियमांतली एक गोष्ट फार लोकांना माहीत नसते. एकाच तुकडीतल्या थेट भरतीवाल्यांची आपापसातली ज्येष्ठता गुणानुक्रमाने लागते, पण नेमणुकीच्या आदेशापासून ३० दिवसांत किंवा वाढवून दिलेल्या मुदतीत रुजू झालात तरच. आजारपण, बाळंतपण, घरात मयत, कारण काहीही असो, मुदतवाढीचा अर्ज करून लेखी आदेश घ्या. 'साहेब तोंडी हो म्हणाले' हे वीस वर्षांनी सिद्ध करता येत नाही.

विनंतीवरून आंतरजिल्हा बदली घेताना सही केलेलं हमीपत्र नीट वाचा. नव्या घटकात तुम्ही यादीच्या तळाशी जाता, जुनी सेवा वेतन-निवृत्तिवेतनाला धरली तरी ज्येष्ठतेला नाही. गावाजवळ येण्यासाठी लोक हे स्वीकारतात आणि ते समजण्यासारखं आहे. पण मग आठ वर्षांनी कनिष्ठांच्या पदोन्नतीविरुद्ध दावा करायला आधार राहत नाही.

उपनिरीक्षकांची भांडणं वेगळी. तिथे ५० टक्के लोकसेवा आयोगाची थेट भरती, २५ टक्के मर्यादित विभागीय परीक्षा आणि २५ टक्के पदोन्नती असे तीन झरे एकाच तळ्यात येतात. कोण आधी, यावर वाद ठरलेला. इथे मणिपूर पोलिसांचं प्रकरण पाठ असू द्या. १ मार्च २००७ ला पदोन्नत झालेले अधिकारी आणि त्याच वर्षी ऑगस्ट-नोव्हेंबरमध्ये नेमलेले थेट भरतीवाले यांच्यात के. मेघचंद्र सिंह निकालाने १९ नोव्हेंबर २०१९ ला सांगितलं, की संवर्गात (त्या पदाच्या सेवेत) जन्मच झाला नव्हता त्या काळाची ज्येष्ठता मागता येत नाही; जागा कधी रिकामी झाली याला महत्त्व नाही. याच्या उलट सांगणारा २०१२ चा परमार निकाल त्याने रद्द ठरवला, पण आधी ठरलेल्या ज्येष्ठता हलवल्या नाहीत. पुढे २०२२ मध्ये हा प्रश्न मोठ्या पीठाकडे सोपवला गेला, त्यामुळे दाव्याच्या दिवशी आजची स्थिती वकिलाकडून तपासून घ्या.

पदोन्नतीतल्या आरक्षणाचा गुंता याहून दुखरा आहे. मुंबई उच्च न्यायालयाने ४ ऑगस्ट २०१७ ला पदोन्नतीत आरक्षण देणारा २५ मे २००४ चा शासन निर्णय रद्द केला आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. ऑक्टोबर २०१८ मध्ये विभागीय परीक्षेतून आलेले १५४ उपनिरीक्षक नाशिकच्या अकादमीत प्रशिक्षण पूर्ण करून खांद्यावर तारे लागल्यावर मॅटच्या निर्णयामुळे मूळ पदावर परत पाठवले गेले, ते याच वादातून. ७ मे २०२१ च्या शासन निर्णयाने २५ मे २००४ च्या स्थितीतली ज्येष्ठता धरून पदोन्नती द्यायचं ठरवलं. तुमचं प्रकरण यात अडकलं असेल, तर त्या तारखेला तुमचं नाव यादीत कुठे होतं, याचा पुरावा आजच मिळवा.

नाव वर असूनही पदोन्नती समितीने डावललं, तर कारण विचारा. चौकशी 'प्रस्तावित' आहे, एवढ्यावर निर्णय मोहोरबंद लखोट्यात ठेवता येत नाही. जानकीरामन (१९९१) निकालाप्रमाणे समितीच्या बैठकीआधी दोषारोपपत्र बजावलेलं हवं. गोपनीय अहवालातला शेरा कळवलेलाच नसेल, तर देव दत्त (२००८) निकाल तुमच्या बाजूने आहे.

हरकत लिहिण्याचा नमुना

भावना बाजूला, आकडे पुढे. साधारण असं:

'दि. ... रोजी प्रसिद्ध तात्पुरत्या ज्येष्ठता यादीत माझे नाव अनुक्रमांक २१४ वर आहे. माझी नियुक्ती दि. ... च्या आदेशाने झाली व मी दि. ... रोजी, म्हणजे ३० दिवसांच्या आत रुजू झालो. अनुक्रमांक १९८ ते २०५ वरील कर्मचारी त्याच निवड यादीत गुणानुक्रमाने माझ्या खाली आहेत (प्रत सोबत). तरी माझे नाव अनुक्रमांक १९७ नंतर घ्यावे व निर्णय लेखी कळवावा. निर्णय होईपर्यंत या यादीवरून पदोन्नती देऊ नये.'

एका पानात संपवा. योग्य मार्गाने द्या, पोच घ्या. आमदारांचं शिफारसपत्र जोडू नका: वर्तणूक नियम, १९७९ प्रमाणे तो स्वतःच गैरवर्तनाचा मुद्दा होतो. शिवाय दाव्यात त्याचा काडीचा उपयोग नाही.

त्याच दिवशी माहिती अधिकारात अर्ज टाका. फी १० रुपये, महाराष्ट्रात एका अर्जात एकच विषय आणि १५० शब्द. त्यामुळे 'निवड यादी व गुण', 'बिंदुनामावली' (कोणती जागा कोणत्या प्रवर्गाची, याची नोंदवही), 'समितीचं इतिवृत्त' असे तीन वेगळे अर्ज करा. ३० दिवसांत उत्तर नाही आलं तर पुढच्या ३० दिवसांत पहिलं अपील. पण माहिती आली नाही म्हणून मॅटची मुदत थांबत नाही. कागद अर्धे असले तरी दाखल करा, बाकीचे न्यायाधिकरणाच्या आदेशाने मागवता येतात.

मूळ अर्ज दाखल करताना

अर्जाची फी नाममात्र असते, वकिलाचा खर्च खरा. महिला, अनुसूचित जाती आणि जमातीच्या अर्जदारांना विधी सेवा प्राधिकरणाकडून उत्पन्न न बघता मोफत वकील मिळू शकतो. न्यायाधिकरणातल्या प्रकरणांनाही ते लागू आहे. स्वतः बाजू मांडायलाही कायद्याने मुभा आहे, पण ज्येष्ठतेच्या वादात मी ती सुचवणार नाही.

दोन चुकांनी चांगली प्रकरणं पडतात. पहिली: ज्यांच्या जागेवर तुमचा दावा आहे त्यांना प्रतिवादीच न करणं. तुम्ही आत आलात तर बाहेर कोण जाईल किंवा खाली कोण सरकेल, त्याला ऐकल्याशिवाय आदेश होत नाही. माणसं शेकडो असतील तर काही जणांना प्रातिनिधिक म्हणून जोडा. सोबत काम करणाऱ्या मित्राला नोटीस जाणार म्हणून लोक कचरतात. त्याला आधीच जाऊन सांगा, की वाद यादीशी आहे.

दुसरी: मागणी मोघम ठेवणं. 'न्याय मिळावा' एवढ्याने भागत नाही. कोणत्या तारखेचा आदेश रद्द हवा, कोणत्या क्रमांकावर नाव हवं, पदोन्नती निघून गेली असेल तर मानीव दिनांक (ती ज्या तारखेपासून मिळाली असं धरायचं ती तारीख) कोणता, हे लिहा. भरतीत अंतरिम मागणी नेमकी करा: 'अर्जदाराच्या प्रवर्गातली एक जागा निकालापर्यंत रिकामी ठेवावी.' सगळी भरती थांबवा, अशी मागणी सहसा फेटाळली जाते आणि हजारो पोरांचा रोष ओढवतो. एक जागा राखून ठेवायला मात्र न्यायाधिकरण तयार होतं. समोरच्याला प्रत देऊन, ऐकून घेऊनच सहसा अंतरिम आदेश होतो, म्हणून सादरकर्ता अधिकाऱ्याला (मॅटमधल्या सरकारी वकिलाला) प्रती आधीच पोचवा.

मुदत गेली असेल तर विलंब माफीचा वेगळा अर्ज लागतो. त्यात दिवसांचा हिशेब हवा: कुठून कुठपर्यंत आजारपण, कुठून कुठपर्यंत बंदोबस्त किंवा प्रशिक्षण, कागद कधी मिळाले, आणि प्रत्येकाला पुरावा. त्या हवालदारांच्या फाईलमधून आम्ही असंच एकेक पान काढत बसलो होतो. नऊ अर्जांपेक्षा कामी आला तो एक कागद, वर्षभरापूर्वीच्या अंतिम यादीवर त्यांनी मुदतीत दिलेली हरकत, जी त्यांनी बिनमहत्त्वाची म्हणून फाईलच्या तळाशी ठेवली होती. जुन्या यादीचा वाद सोडून आम्ही त्या यादीवर अर्ज बांधला.

निकाल लागला की प्रमाणित प्रत घ्या, ती अर्जासोबत कार्यालयात द्या आणि आवक शिक्का घ्या. आदेशातली मुदत त्या दिवसापासून मोजायची असेल तर ती तारीख वहीत लिहून ठेवा. मुदत संपूनही अंमलबजावणी झाली नाही, तर कलम १७ खाली अवमानाचा अर्ज मॅटमध्येच होतो. निकाल विरोधात गेला तर उच्च न्यायालयाच्या खंडपीठाकडे, आणि तिथेही महिने मोजले जातात.